बडतर्फीचे कारण विचारणारे कोर्ट

27 जुलै 1949 रोजी सोलापूरच्या जुन्या गिरणीतल्या कामगारांना नोटीस मिळाली. महिन्याभरात गिरणी बंद होणार होती, आणि 27 ऑगस्टला ती खरोखरच बंद झाली. सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनी हे तिचे कागदोपत्री नाव. गावात ती जुनी गिरणीच. मोरारजी गोकुळदासांनी 1877 मध्ये ती उभारली आणि हातमागाचे सोलापूर त्यानंतर भोंग्यावर उठू लागले. गिरणी बंद पडताच हजारोंच्या चुली थंडावल्या आणि सरकार हलले. 9 जानेवारी 1950 रोजी वटहुकूम निघाला. त्यातील तरतुदींप्रमाणे संचालकांची पदे संपली, मॅनेजिंग एजंटांचा करार संपला आणि कारभार सरकारने नेमलेल्या माणसांच्या हाती आला. एका अर्थाने सरकारने मालकांनाच बडतर्फ केले.

मालकपक्ष गप्प बसला नाही. राज्यघटना लागू होऊन वर्षही झाले नव्हते, तोच चिरंजीतलाल चौधरी हे भागधारक थेट सुप्रीम कोर्टात उभे होते. 4 डिसेंबर 1950 रोजी तीन विरुद्ध दोन अशा मतांनी ते हरले. पण द्वारकादास श्रीनिवास या दुसऱ्या भागधारकाने वेगळ्या वाटेने लढा चालू ठेवला, आणि 18 डिसेंबर 1953 रोजी सुप्रीम कोर्टाने निकाल दिला की भरपाई न देता सरकारने मालमत्ता हिरावून घेतली, म्हणून ही कारवाई घटनाबाह्य आहे. पुढे 1955 मध्ये चौथी घटनादुरुस्ती झाली, तिच्यामागे या निकालाचाही हात होता. घटनेच्या कायद्याच्या पुस्तकांत सोलापूरचे नाव आजही येते ते या दोन खटल्यांमुळे.

त्याच गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, उभा राहणाऱ्या माणसाला कामावरून काढले, तर त्याने कुठे जायचे? त्याच्या नोकरीला कायदा मालमत्ता मानत नव्हता, त्यामुळे भागधारकाची वाट त्याला मोकळी नव्हती. त्याची वाट वेगळी होती. ती फार आधी सुरू झाली होती आणि तयार व्हायला कितीतरी वर्षे लागली.

सुरुवातीला सगळा कारभार जॉबरच्या हाती होता. खात्यातला हा मुकादम माणसे आणी, त्यांना साचे वाटून देई आणि नको असलेल्याला घरी बसवी. कामावर ठेवण्याबद्दल दस्तुरी घ्यायची, टिकवण्याबद्दल पुन्हा घ्यायची, आणि दस्तुरी थांबली की हजेरीचे तिकीट काढून घ्यायचे. काढल्याचा कागद नसे, कारण सांगण्याची चाल नसे. बदली कामगार तर रोज सकाळी गेटवर उभा राहूनच आज काम आहे की नाही ते जाणून घेई. 1931 मध्ये प्रसिद्ध झालेल्या व्हिटली कमिशनच्या, म्हणजे मजूरविषयक शाही आयोगाच्या, अहवालाने या पद्धतीवर नेमके बोट ठेवले. भरती आणि बडतर्फी हे दोन्ही अधिकार जॉबरकडून काढून घ्या, त्यासाठी लेबर ऑफिसर नेमा, अशी शिफारस त्या अहवालाने केली.

सोलापुरात या शिफारशीला आणखी एक धार होती. मे 1930 मध्ये गांधीजींच्या अटकेनंतर गिरणी कामगार रस्त्यावर आले, 8 मे रोजी गोळीबार झाला आणि 12 मेपासून जूनअखेरपर्यंत शहरात मार्शल लॉ होता. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना त्या प्रकरणात 12 जानेवारी 1931 रोजी येरवड्यात फाशी झाली. अशा शहरात युनियनचा माणूस आणि गडबड करणारा माणूस यांत व्यवस्थापनाला फरक दिसणे कठीण होते. ज्याचे नाव डोळ्यांत भरले, त्याला काढायला कामातली एखादी चूक नेहमीच सापडे. कापडात डाग निघतो, धागा तुटतो, पाळीवर यायला दहा मिनिटे उशीर होतो. शिस्तभंग कोणता आणि सूड कोणता, हा प्रश्न पुढे कोर्टात सतत येत राहिला. त्याची मुळे गिरण्यांच्या याच काळात आहेत.

1937 मध्ये मुंबई इलाख्यात काँग्रेसचे मंत्रिमंडळ आले आणि 1938 मध्ये बॉम्बे इंडस्ट्रियल डिस्प्यूट्स अ‍ॅक्ट झाला. संपावर बंधने घालणाऱ्या या कायद्याविरुद्ध 7 नोव्हेंबर 1938 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट यांनी एकत्र येऊन संप केला. विरोध रास्त होता. पण त्याच कायद्याने इंडस्ट्रियल कोर्ट उभे केले आणि गिरणीला स्थायी आदेश लिहून काढायला लावले. गैरवर्तन कशाला म्हणायचे, त्याची शिक्षा काय, शिक्षेआधी कामगाराला काय विचारायचे, हे सगळे प्रथमच छापील स्वरूपात आले. 1946 मध्ये बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खाते सांभाळत असताना स्थायी आदेशांचा देशव्यापी कायदा झाला. हे आदेश इंग्रजीत आणि बहुसंख्य कामगारांना कळेल अशा भाषेत गेटजवळ लावलेच पाहिजेत, अशी अट त्यात होती. तेलुगू, कन्नड, मराठी आणि उर्दू बोलणारे कामगार ज्या शहरात एकाच खात्यात खांद्याला खांदा लावून उभे राहात, तिथे ही अट पाळणे वाटते तितके सोपे नव्हते.

त्याच वर्षी मुंबई प्रांताने आणखी एक पाऊल टाकले. गुलझारीलाल नंदा मजूरमंत्री असताना बॉम्बे इंडस्ट्रियल रिलेशन्स अ‍ॅक्ट मंजूर झाला. कामगारांच्या तोंडी तो ‘बीआयआर’. सोलापूरच्या कापड गिरण्या या कायद्याखाली होत्या. स्थायी आदेशांखाली मालकाने काढलेला हुकूम कायदेशीर आहे का, आणि तो योग्य आहे का, असे दोन्ही तपासण्याचा अधिकार या कायद्याने लेबर कोर्टाला दिला. यातला दुसरा प्रश्न फार मोठा होता. नियम पाळले गेले का, हे पाहणे वेगळे. नियम पाळूनही दिलेली शिक्षा उचित आहे का, हे पाहणे वेगळे. कामगाराने आधी मुदतीत मालकाकडे लेखी अर्ज करायचा, तिथे काम झाले नाही तर लेबर कोर्टात जायचे. अर्ज करायला उशीर झाला की दार बंद. म्हणून बडतर्फीचा कागद हातात पडला की तो घेऊन आधी युनियनच्या ऑफिसात जायचे, हे कामगाराला शिकून घ्यावे लागले.

याच सुमारास मुंबईतल्याच एका वादात मूलभूत प्रश्न निकाली निघाला. मालक आणि नोकर यांचा करार मोडला तर नोकराने नुकसानभरपाई मागावी, कोर्ट कुणाच्या गळ्यात नको असलेला नोकर बांधणार नाही, हा जुना इंग्रजी करारविचार होता. वेस्टर्न इंडिया ऑटोमोबाइल असोसिएशनच्या खटल्यात फेडरल कोर्टाने 1949 मध्ये ठरवले की औद्योगिक न्यायाधिकरण काढलेल्या कामगाराला परत कामावर घेण्याचा हुकूम देऊ शकते. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती मेहरचंद महाजन होते. चार वर्षांनी द्वारकादास श्रीनिवास यांना न्याय देणाऱ्या पीठावरही तेच बसले होते. जुन्या गिरणीला टाळे लागले त्याच वर्षी कामगाराला ‘परत घ्या’ हा हुकूम मिळण्याची सोय झाली.

मग गिरण्यांत आणि कारखान्यांत एक नवा प्रकार रुळला. कामगाराला चार्जशीट मिळायची आणि खात्यात बातमी पसरायची, ‘त्याला इन्क्वायरी लागली.’ टाइम ऑफिसशेजारच्या खोलीत टेबलाच्या एका बाजूला चौकशी अधिकारी बसे, बाजूला कंपनीची बाजू मांडणारा माणूस आणि टाइप करणारा कारकून. समोर कामगार आणि त्याने सोबत आणलेला सहकारी. जॉबर किंवा सुपरवायझर साक्ष देई, कामगाराने त्याला प्रश्न विचारायचे. आयुष्यभर ज्याच्या हाताखाली काम केले त्याला उलट प्रश्न विचारणे किती जणांना जमत असेल? बरेच जण एवढेच म्हणत, ‘साहेब, माफ करा, पुन्हा होणार नाही.’ कारकून ते वाक्य टाइप करी आणि ते गुन्ह्याची कबुली होऊन बसे. प्रत्येक पानाखाली सही घेतली जाई. सही केली तर सगळे मान्य, नाही केली तर ‘सही करण्यास नकार दिला’ असा शेरा. घरी तेलुगू किंवा कन्नड बोलणाऱ्या माणसापुढे हे सगळे मराठीत किंवा इंग्रजीत चाले. पुढे जे कोर्ट या प्रकरणात डोकावणार असे, त्याला खोलीतला माणूस दिसत नसे; फाइल दिसे.

फाइलमध्ये किती खोलवर पाहायचे, यावर मात्र कोर्टे अनेक वर्षे जपून होती. बंगालमधल्या इंडियन आयर्न अँड स्टील कंपनीच्या खटल्यात 1950 च्या दशकात सुप्रीम कोर्टाने चार खिडक्या ठरवून दिल्या. मालकाचा हेतू शुद्ध नसेल, कामगाराचा बळी दिला गेला असेल, चौकशीत नैसर्गिक न्यायाची पायमल्ली झाली असेल, किंवा निष्कर्ष पुराव्याला अगदीच सोडून असेल, तरच न्यायाधिकरणाने हस्तक्षेप करावा. यातले काही नसेल तर शिक्षा जास्त वाटली तरी हात लावू नये. न्यायाधिकरण हे मालकाच्या निर्णयावरचे अपिलाचे कोर्ट नव्हे, हे सूत्र तेव्हापासून वकिलांच्या तोंडपाठ झाले. बीआयआरखालचा सोलापूरचा गिरणी कामगार ‘योग्य आहे का’ असे विचारू शकत होता, पण इतर उद्योगांतल्या त्याच्या भावाला तो प्रश्न विचारायची सोय नव्हती. त्याचा एकट्याचा वाद युनियनने उचलून धरला नाही तर औद्योगिक वाद म्हणून उभाही राहात नसे. ती अडचण औद्योगिक विवाद कायद्याच्या 1965 च्या दुरुस्तीने दूर केली.

मोठा बदल 15 डिसेंबर 1971 ला झाला. आंतरराष्ट्रीय मजूर संघटनेने 1963 मध्ये शिफारस केली होती की नोकरी संपवायला सबळ कारण हवे आणि ते तपासायला तटस्थ संस्था हवी. त्या शिफारशीला अनुसरून औद्योगिक विवाद कायद्यात कलम 11अ आले. पुरावा पुन्हा तोलण्याचा आणि बडतर्फी जास्त वाटली तर त्याहून हलकी शिक्षा देण्याचा अधिकार लेबर कोर्टाला मिळाला. मुंबईच्या फायरस्टोन टायर कंपनीच्या कामगारांच्या खटल्यात 1973 मध्ये सुप्रीम कोर्टाने या कलमाचा अर्थ लावला. कोर्टाचे समाधान आता मालकाच्या समाधानाइतकेच नव्हे, त्याहून महत्त्वाचे ठरले. पण याच निकालाने मालकाचीही एक वाट शाबूत ठेवली. चौकशीच केली नसेल किंवा ती सदोष असेल, तरी मालक कोर्टात नव्याने पुरावा देऊन आपली कारवाई रास्त ठरवू शकतो. कामगारांच्या वकिलांना हे आजही सलते. आधी काढायचे, मग कोर्टात कारणे गोळा करायची, याला त्यामुळे मोकळीक मिळते, असे ते म्हणतात. त्यात तथ्य आहे.

महाराष्ट्राने स्वतःची आणखी एक भर घातली. 1971 च्या नावाने ओळखला जाणारा आणि 8 सप्टेंबर 1975 पासून लागू झालेला अनुचित कामगार प्रथांविरोधी कायदा म्हणजे ‘एमआरटीयू-पल्प’. त्याच्या चौथ्या परिशिष्टात पहिल्याच बाबीखाली बडतर्फीचे सगळे गैरप्रकार एका रांगेत लिहिले आहेत : सूडाने काढणे, फौजदारी प्रकरणात खोटे गुंतवून काढणे, धडधडीत खोटे कारण देऊन काढणे, विनापरवाना गैरहजेरीचा बनाव करणे, घाईघाईने नैसर्गिक न्याय डावलून काढणे, आणि किरकोळ चुकीसाठी मागचे रेकॉर्ड न पाहता धक्कादायक वाटेल इतकी मोठी शिक्षा देणे. यादी वाचताना जाणवते की ही कुणी टेबलाशी बसून रचलेली नाही. कामगारांच्या पन्नास वर्षांच्या तक्रारींचे ते सार आहे. तक्रार 90 दिवसांत करायची, सरकारने वाद कोर्टाकडे पाठवण्याची वाट पाहायची नाही. सोलापूरच्या लेबर कोर्टात आणि इंडस्ट्रियल कोर्टात पुढची बरीच वर्षे हाच कायदा कामगाराचा खरा आधार राहिला.

‘धक्कादायक’ म्हणजे किती, हे मात्र न्यायाधीशांच्या मनावर राहिले. महाराष्ट्रातल्याच झोपेच्या दोन खटल्यांत ते छान दिसते. ठाण्याच्या कलर-केम कंपनीत रात्रपाळीला अचानक तपासणी झाली, तेव्हा कामगार झोपलेले आढळले. यंत्र चालू होते. पण झोपले होते ते सगळेच, देखरेख करणाऱ्यासकट; आणि बडतर्फ झाले ते मोजकेच. फेब्रुवारी 1998 मध्ये सुप्रीम कोर्टाने ही शिक्षा धक्कादायक ठरवली आणि त्यांना कामावर घेण्याचा हुकूम कायम केला. दुसरा खटला पुण्याच्या भारत फोर्जचा. 26 ऑगस्ट 1983 रोजी सकाळी 11 वाजून 40 मिनिटांनी एक हेल्पर लोखंडी प्लेटवर गाढ झोपलेला सापडला. पहिली पाळी, लख्ख दिवस. याआधी तीनदा चुका झाल्या होत्या आणि दरवेळी हलक्या शिक्षेवर भागले होते. लेबर कोर्टाला बडतर्फी जबर वाटली, त्याने निम्म्या मागच्या पगारासह परत घ्यायला सांगितले. प्रकरण वर सरकत राहिले आणि जानेवारी 2005 मध्ये सुप्रीम कोर्टाने बडतर्फी कायम केली. कामगाराचे पूर्वीचे वर्तन पाहता कोर्टाने दयेला जागा नाही असे म्हटले.

दोन्ही निकाल आपापल्या जागी समजण्यासारखे आहेत. एकीकडे सगळे झोपले असताना थोड्यांनाच शिक्षा, दुसरीकडे पुन्हापुन्हा चुका. तरीही एक आकडा डोळ्यांत सलतो. प्लेटवर झोपण्याचा प्रकार आणि त्यावरचा शेवटचा शब्द यांत 21 वर्षांपेक्षा जास्त काळ गेला. इतक्या वर्षांत एका कामगाराची पोरे मोठी होऊन स्वतः कामाला लागतात. जिंकले तरी हाती काय येते, हा प्रश्न म्हणूनच बॅक वेजेसभोवती फिरत राहिला. मागचा पगार पूर्ण मिळावा असा कल एका काळी होता, पुढे कोर्टांनी हात आखडता घेतला. 2013 मध्ये औरंगाबादच्या एका शिक्षिकेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने पुन्हा जुना नियम ठासून मांडला : बडतर्फी बेकायदा ठरली की मागचा पगार मिळणे हाच सर्वसाधारण नियम, आणि खटला लांबल्याचा भुर्दंड कामगारावर टाकता येणार नाही.

एसटीच्या कंडक्टरांची प्रकरणे वेगळ्याच तऱ्हेने अवघड. तपासणी पथक मध्येच गाडी थांबवते, काही प्रवाशांकडे तिकीट नसते, वेबिलाशी हिशेब जुळत नाही. प्रवासी पुढच्या थांब्यावर उतरून जातात. त्यांना साक्षीला कोण आणणार? 1977 मध्ये हरियाणाच्या एका कंडक्टरच्या खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सांगितले की खात्याच्या चौकशीत प्रवाशांचे जबाब नसले म्हणून आरोप पडत नाही. विश्वास ठेवण्याजोगा थोडा पुरावा असला तरी पुरे. रक्कम दोन-चार रुपयांची असेल, पण प्रश्न विश्वासाचा, ही भूमिका कोर्टांनी पुढेही सोडली नाही. गिरणी कामगाराला शिक्षेच्या प्रमाणात मिळालेली सवलत कंडक्टरच्या वाट्याला क्वचितच आली. पैसा हाताळणाऱ्याची चूक आणि साचा चालवणाऱ्याची चूक कोर्टाच्या तराजूत सारख्या वजनाच्या नाहीत.

दरम्यान सोलापुरातल्या गिरण्याच एकामागून एक बंद पडत गेल्या. जुनी गिरणी गेली, पुढे लक्ष्मी-विष्णू गेल्या, नरसिंग गिरजी गेली. या कामगारांवर कुठलाही आरोप नव्हता. चार्जशीट नव्हती, इन्क्वायरी नव्हती, शिक्षा प्रमाणात आहे का हा प्रश्नच नव्हता. एका माणसाला काढले तर त्याचे कारण तपासायला आपण शंभर वर्षांत बऱ्यापैकी यंत्रणा उभी केली. सगळ्यांना एकदम काढले तर तिला विचारायला फारसे काही उरत नाही. 1949 ला जुनी गिरणी बंद पडली तेव्हा सरकार धावून आले होते. पुढे मात्र गिरण्या कायमच्या बंद पडल्या.

आज सोलापूरचा कामगार मुख्यतः पूर्वभागातल्या यंत्रमागांवर आहे आणि घराघरांत विड्या वळतो आहे. विडी कामगारांसाठी 2025 पर्यंत 1966 चा स्वतंत्र कायदा होता. सहा महिने काम केलेल्या बाईला वाजवी कारणाशिवाय आणि महिन्याच्या नोटिशीशिवाय काढता येत नसे. काढले तर ती अपील करू शके. 1974 मध्ये सुप्रीम कोर्टाने हा कायदा वैध ठरवला, घरी बसून विड्या वळणारी बाईसुद्धा त्यात येते हे मान्य केले. पण विडीवालीला कुणी ‘काढत’ नाही. तिला पाने आणि तंबाखू मिळणे बंद होते, एवढेच. यंत्रमागावरच्या माणसाला शनिवारी मजुरी देताना सांगितले जाते, उद्यापासून येऊ नकोस. छोट्या कारखान्यात स्थायी आदेश लागू नसतात, आणि 2020 च्या औद्योगिक संबंध संहितेने तर त्यांची मर्यादा 300 कामगारांवर नेऊन ठेवली आहे.

म्हणून सोलापुरात आज बडतर्फीचे प्रकरण कोर्टात गेले की पहिली झुंज बहुधा शिक्षेवरची नसते. कामगाराला आधी हे सिद्ध करावे लागते की तो तिथे कामाला होताच. मस्टरवर नाव आहे का, प्रॉव्हिडंट फंडाचा नंबर आहे का, पासबुकात मालाची नोंद आहे का, एखादे पगाराचे पाकीट जपून ठेवले आहे का. 1938 पासून उभी राहिलेली सगळी न्यायिक तपासणी गिरणीच्या मस्टरवर उभी आहे. ज्याचे नाव त्यात कुणी लिहिलेच नाही, त्याच्या बडतर्फीचे कारण विचारण्याआधी कोर्टाला त्याच्या नोकरीचा पुरावा मागावा लागतो. कामगारांच्या लढ्यात पुढची मागणी जर कुठली असायची, तर ती याच कागदाची असायला हवी : कामावर घेतल्याच्या दिवशीच हातात पडणारे, सहीशिक्क्याचे नेमणूकपत्र.